युगेतची पेटी आणि पांढरे कार्नेशन

मित्रांनो, मी मेकअपची एक जुनी लाकडी पेटी आहे आणि स्वभावाने संशयी आहे. लिऑनच्या ज्या सुताराने मला घडवलं, त्याने अक्रोडाच्या नावाखाली आत हलकं लाकूड घातलं असावं, असा मला अजूनही संशय आहे.

युगेत सॉर्बियेने मला घेतलं तेव्हा ती नाटकात होती. दुसरं महायुद्ध संपल्यावर आम्ही पॅरिसला सिनेमात आलो. चौदा चित्रपटांत तिने कामं केली. कधी मोलकरीण, कधी नर्स, कधी तिकीट विकणारी. पोस्टरवर तिचं नाव शोधायला भिंग लागे. तरी रोज सकाळी ती माझं झाकण नायिकेच्या थाटात उघडी.

केस विंचरायला जर्मेन येई. वयाने मोठी, जिभेने तिखट. आपल्या पावातला अर्धा युगेतला दिल्याशिवाय तिला घास उतरत नसे. मला मात्र ती आवडत नसे. इतकी माया कुणी फुकट करतं का?

पन्नास साली युगेतने प्रथमच नायिकेच्या भूमिकेसाठी चाचणी दिली. वय चौतीस. अशी संधी पुन्हा येणार नव्हती. आठवडाभर निरोप नाही, आणि एका सकाळी खोलीत पांढऱ्या कार्नेशनचा गुच्छ.

आमच्या नाटकवाल्यांत नटीला कामावर ठेवायचं असेल तर गुलाब देतात आणि काढायचं असेल तर कार्नेशन. युगेतचा चेहरा उतरला.

"जर्मेन, ही फुलं तू ठेवलीस?"

"हो, शिपायाने दिली ती ठेवली. का गं पोरी?"

"मग चिठ्ठी कुठंय? भूमिका दुसरीला गेली, हे तुला आधीच ठाऊक होतं ना?"

जर्मेनने कंगवा खाली ठेवला. "चिठ्ठी फुलांतच होती. नीट शोध. आणि माझ्याबद्दल असंच वाटत असेल, तर यापुढे केस तूच विंचर."

युगेतने शोधली नाही. मीही मनात म्हटलं, हिनेच लपवली, दुसरं काय! युगेतने निर्मात्याला दोन ओळींत कळवलं की तिलाच त्या चित्रपटात रस नाही, आणि दुपारी बेल्जियमला निघालेल्या एका नाटक मंडळीच्या करारावर सही केली.

आठ वर्षं आम्ही गावोगाव हिंडलो. मग कामं आटली, आम्ही पॅरिसला परतलो आणि मी कपाटावर धूळ खात पडले. एका रविवारी युगेतने मला पुसायला काढून पालथं केलं. माझ्या तळाला, मिशा चिकटवायच्या सांडलेल्या डिंकात, त्या फुलांतून गळलेलं एक कार्ड घट्ट बसलं होतं. पेटीचा तळ कोण बघतो! त्यावर लिहिलं होतं, 'भूमिका तुमचीच. सोमवारी या.' तो निर्माता कापडाच्या धंद्यातून नवाच आलेला. आमच्या रीती त्याला कुठून माहीत असणार? फुलं टवटवीत दिसली, त्याने पाठवली.

मित्रांनो, जगाला चोर ठरवलं आणि चोरीचा माल माझ्याच बुडाखाली निघाला. मला फार लाज वाटली.

युगेत मला काखेत घेऊन तशीच जर्मेनकडे गेली. चार जिने चढली. जर्मेनचे केस पांढरे झाले होते. तिने कार्ड दोनदा वाचलं.

"भूमिका गेली त्याचं काही नाही गं," युगेत म्हणाली, आणि ते खोटं होतं. "पण तुला मी..."

"बस," जर्मेन म्हणाली. "केस किती वाईट कापलेत तुझे. कुणाकडे जातेस?"

मित्रांनो, आम्हा पेट्यांना महिन्यातून एकदा पालथं करून पुसत जा. आणि माणसाचा संशय आला तर त्याला समोर बसवून विचारा, आणि तो काय सांगतो ते ऐका. विचारलं तर युगेतनेही होतं. तिने ऐकलं मात्र नाही.