अडिवेप्पाचे अठरा दिवस

“चक्र फिरवा, सोनं जिंका! आत्ताच फिरवा!”

अडिवेप्पाच्या सदऱ्याच्या खिशातून एक बाई ओरडली. त्याच क्षणी स्वतः अडिवेप्पा, उजव्या हाताची तर्जनी ओठांवर ठेवून, सहना नावाच्या वाचक मुलीसमोर अत्यंत कठोर मुद्रेने उभा होता. तिचा अपराध एवढाच, की ती हसली होती. बाई जितकी ओरडे, तितके सहनाचे हसू अनावर होई. आणि हसू जितके अनावर होई, तितकी अडिवेप्पाची मुद्रा कठोर होत जाई. अखेर त्याने टेबलावरचे तिचे वाचनपत्र उचलले, भिंतीवरच्या कॅलेंडरचे एक पूर्ण पान उलटून दाखविले आणि दाराकडे हात केला. एक महिना बंदी. ती वह्या गोळा करून बाहेर पडली. थोड्या वेळाने खिशातली बाईही दमून गप्प झाली. वाचनकक्षात शांतता पसरली, आणि ती आपणच प्रस्थापित केली या समाधानाने अडिवेप्पा आपल्या स्टुलावर जाऊन बसला.

अडिवेप्पाला ऐकू येत नाही. तिसऱ्या वर्षी आलेल्या तापात त्याचे कान गेले आणि कानांच्या पाठोपाठ वाचाही गेली.

हे सर्व मी मागच्या व्हरांड्याच्या खिडकीतून पाहिले. धारवाडच्या या वाचनालयात मी, फकीरप्पा, बत्तीस वर्षे पुस्तके बांधतो आहे. माझी शाळा सातवीत सुटली. पुढे जे काही शिकलो ते शिवायला आलेल्या पानांतून. अडिवेप्पा माझ्यानंतर सहा वर्षांनी आला. तेव्हाच्या ग्रंथपालांनी त्याला वाचनकक्षाची शांतता सांभाळण्याचे काम दिले तेव्हा पुष्कळ लोक हसले. परंतु अडिवेप्पा वहाणा दाराशी काढून लाकडी जमिनीवर अनवाणी हिंडे. खुर्ची सरकली की त्याच्या तळव्यांना समजे. कुणाच्या गळ्याची घाटी हलली, कुणाचे ओठ शेजाऱ्याकडे झुकले, हे तो चाळीस डोक्यांच्या पलीकडून ओळखी. कानांचा मनुष्य एका दिशेचे ऐकतो. अडिवेप्पा सर्व दिशांचे पाही.

दुपारी अडीचच्या सुमारास त्या कक्षाला जी अवस्था प्राप्त होते तिचे वर्णन करणे मला साधेल असे वाटत नाही. वरच्या तावदानांना हिरवी काच आहे. तिच्यातून उतरलेला प्रकाश टेबलांवर असा पसरतो की सगळी माणसे तळ्याच्या तळाशी बसून अभ्यास करीत आहेत असे भासावे. पंख्यांची पाती संथ फिरतात. कुणाची मान हळूहळू पानावर कलते, तर कुणी जागेपणीच दूरवर कोठे तरी गेलेला असतो. बाहेरच्या नीलमोहराचे एखादे फूल खिडकीतून आत येऊन जमिनीवर पडते. त्या पाण्यातून अडिवेप्पा एखाद्या मोठ्या, वृद्ध माशासारखा आवाज न करता फिरत असे. अशा वेळी मला पुष्कळदा वाटले आहे, की तो ऐकत नाही असे नव्हे, आम्हालाच त्याचे ऐकू येत नाही.

अशा त्या तळ्यात दोन महिन्यांपासून ही बाई ओरडू लागली होती.

फोन त्याने मुलीसाठी घेतला होता. मुलगी कस्तूरी म्हैसूरच्या एका रुग्णालयात परिचारिका आहे. ती चित्रफोन करते आणि बाप-लेक हातांनी बोलतात. घंटी वाजली तर बापाला कळणार कसे? म्हणून जाताना तिने त्यात एक अ‍ॅप टाकून दिले. फोन आला की मागचा दिवा लखलखतो. सदऱ्याच्या पातळ खिशातून तो उजेड दिसला की अडिवेप्पाचा चेहराही तसाच उजळे. परंतु अलीकडे साधा संदेश आला तरी दिवा लखलखे आणि लगोलग पडद्यावर एक जाहिरात पसरे. कधी चक्र, कधी केसांचे तेल, कधी कर्ज. चित्रफोन चालू असताना ती नेमकी कस्तूरीच्या हातांवर येऊन बसे, म्हणजे लेकीचे बोलणेच झाकले जाई. अडिवेप्पा कोपऱ्यातली बारीक फुली शोधून ती मिटवी. पेरूच्या फोडीवर माशी बसते तशी फोनवर जाहिरात बसते, अशी त्याची समजूत झालेली होती. तो तिला पाही, हाकली. तिला आवाज असतो हे मात्र त्याच्या ध्यानीमनीही नव्हते.

आवाज मी दोनदा हळूच बंद केला. परंतु संध्याकाळी त्याची बायको नागव्वा त्याच फोनवर शिवभक्तांची गायलेली वचने ऐकते, आणि तिला स्वयंपाकघरापर्यंत ऐकू यावे लागते.

वाचनपत्र गेल्यावर सहना माझ्या व्हरांड्यात येऊन बसू लागली. खळीचे पातेले आणि दाबयंत्र यांच्यामध्ये एक फळी टाकून तिने आपले टेबल केले. ती फौजदाराच्या परीक्षेची तयारी करीत होती. सप्तापुरातल्या तिच्या खोलीत पाच जणी राहत, त्यामुळे तेथे अभ्यास होणे अशक्य.

“तुला फौजदार व्हायचंय आणि हसू आवरत नाही?” मी एकदा म्हणालो.

“काका, तुम्ही माझ्या जागी असतात तर? एवढा कडक चेहरा, ओठांवर बोट, आणि खिशातून बाई म्हणते ‘लाजू नका, फिरवा’! मी फौजदार झाले ना, पहिली त्या बाईलाच आत टाकते.”

“मग त्याला सांगितलं का नाहीस?”

“सांगू कशी? मला कुठे हात येतात?” मग ती जरा थांबून म्हणाली, “आणि येत असते तरी नसतं सांगितलं. फार तोऱ्यात चालतात हो ते. तो तोरा मोडायचा म्हणजे...”

माझेही तेच होते. सव्वीस वर्षांत आमची एक हातांची भाषा तयार झाली होती. तिच्यात मी त्याला बारशाची आमंत्रणे दिली, त्याची आई गेल्याची बातमीसुद्धा मीच सांगितली. तरी हे सांगता आले नाही.

सहनाच्या बंदीच्या अठराव्या दिवशी, शनिवारी, ग्रंथपाल गिरिजाक्षी मॅडम एक कागद घेऊन व्हरांड्यात आल्या.

“फकीरप्पा, आता माझा नाइलाज आहे. बारा जणांच्या सह्या आहेत. काय लिहिलंय बघा, ‘मौन पाळायला लावणारा गृहस्थच बाजार भरवतो.’ सोमवारपासून त्यांना खाली जुन्या वर्तमानपत्रांच्या गोदामात पाठवते. तुम्ही सांगा त्यांना. तुम्हाला हात येतात.”

“हात येतात, मॅडम. पण या कामाला उचलत नाहीत.”

“मग मी लेखी देते. तेच बरं दिसेल का?”

तळघरातल्या त्या गोदामाला खिडकी नाही. तेथे वाचायला कुणी येत नाही. ज्याचे सर्व जगणे पाहण्यावर चालते त्या मनुष्याला तेथे पाहण्यासारखे काहीही नव्हते.

मॅडम गेल्यावर सहनाने पुस्तक मिटले. “काका, बोलवा त्यांना. मुलीचे हात नीट दिसतील असं करून देते म्हणावं. बाकी काही सांगू नका.”

मी मनात म्हटले, हा मनुष्य तळघरात गेला तर हिला तिची खुर्ची उद्याच मिळेल. हे तिला समजत नव्हते असे नाही.

अडिवेप्पा आला. ज्या मुलीला आपण बाहेर काढले तिच्या हातात फोन द्यावा लागतो म्हणून तो प्रथम अवघडला. परंतु लेकीचे नाव निघताच त्याने खिशातून फोन काढून दिला. सहनाने बंद करण्याची कळ दाबून धरली, पडद्यावर आलेल्या चिन्हावर पुन्हा बोट रोवून ठेवले आणि फोन ‘सेफ मोड’मध्ये सुरू केला. “यात फक्त कंपनीनं दिलेलं चालतं,” ती म्हणाली, “बाहेरून आलेले सगळे पाहुणे झोपतात.” तिने स्वतःच्या फोनवरून चार संदेश पाठविले. जाहिरात आली नाही. परंतु दिवाही लागला नाही.

अडिवेप्पाने फोन उलटा केला, सुलटा केला. त्याचे हात भराभर हलू लागले. मी ते सहनाला सांगू लागलो.

“म्हणतो, दिवा मेला. दिवा का मारलास?”

“म्हणजे चोर सापडला,” सहना म्हणाली. “दिव्याचं अ‍ॅपच जाहिराती आणतंय. ते काढून टाकायला हवं.”

मी ते हातांनी सांगितले मात्र, अडिवेप्पाने फोन हिसकावून छातीशी धरला. “पोरीनं दिलाय,” त्याचा एक हात म्हणाला. “ती गेली त्या दिवशी, बसस्टँडवर. काढायचा नाही. माशा बसू देत. मी हाकलीन.”

त्या झटापटीत फोन बंद होऊन पुन्हा साध्या रीतीने सुरू झाला. न वाचलेल्या त्या चार संदेशांच्या सूचना पुन्हा एकदम उमटल्या. दिवा लखलखला, आणि बाई पूर्ण ताकदीने ओरडली, “चक्र फिरवा! सोनं जिंका!” नीलमोहरावरची पाखरे भुर्रकन उडाली. माझ्या हातातला ब्रश खळीत पडला.

आणि अडिवेप्पाला खिडकी दिसली. तिच्या आतल्या हिरव्या पाण्यातून चाळीस डोकी एकाच वेळी वर आलेली होती. ती सगळी त्याच्या हातातल्या फोनकडे पाहत होती. काही चेहरे हसत होते, काही वैतागले होते, एक दोन कीव करीत होते. आयुष्यभर चेहरे वाचलेल्या मनुष्याला त्यातला एकही चुकला नाही.

त्याने फोनच्या पाठीवर तळवा टेकविला. बाई बोलत होती तोवर त्याचा तळवा थरथरत राहिला. ती थांबली तेव्हा थरथर थांबली. त्याने माझ्याकडे पाहिले.

“किती दिवस?” हाताने विचारले.

“आजच,” मी खोटे सांगितले.

तो सहनाकडे वळला. त्याने स्वतःच्या ओठांकडे बोट नेऊन हसण्याची खूण केली, मग तिच्याकडे बोट केले, मग फोनकडे. ‘तू हसलीस ती यामुळे?’ ही खूण समजायला हात येण्याची गरज नव्हती. सहनाने मान खाली घातली आणि होय म्हणून हलविली. मग हळूच दोन बोटे वर केली. दोन महिने.

 मग अडिवेप्पाने फोन फळीवर ठेवला आणि दाखव म्हणून खूण केली. ते अ‍ॅप सुखासुखी निघेना. त्या अ‍ॅपने फोनच्या कारभाऱ्याचे अधिकार बळकावले होते. सहनाने ते काढून घेतले, इतर अ‍ॅपवर पसरण्याची परवानगी काढून घेतली. मग पडद्यावर प्रश्न आला, काढून टाकायचे का? ती बोट टेकविणार, तोच अडिवेप्पाने तिचा हात बाजूला केला आणि स्वतःचा अंगठा त्यावर ठेवला. अंगठा ठेवताना त्याने डोळे मिटले होते.

“त्यांना सांगा काका, थांबा म्हणावं,” सहना घाईघाईने म्हणाली. “फोनमध्ये मुळातच दिवा असतो. ऐकू न येणाऱ्यांसाठी. हे बघा, सुलभतेच्या सोयींमध्ये... आजवर कुणी चालूच केला नव्हता.” तिने तो चालू केला आणि स्वतःच्या फोनवरून त्याला फोन लावला. दिवा लखलखला. मागोमाग काहीच आले नाही; पडदा स्वच्छ राहिला. अडिवेप्पाने तो पुन्हा लावायला सांगितला. पुन्हा. चौथ्या वेळी त्याने तिच्या डोक्यावर हात ठेवला.

मग तो आत गेला, सहनाचे वाचनपत्र आणि तिची खुर्ची पुसण्याचे फडके घेऊन आला, आणि तिला स्वतः खिडकीजवळच्या जागेवर नेऊन बसविले. तेथून तो थेट मॅडमकडे गेला. मी दुभाषा म्हणून मागोमाग गेलो.

“अहो, आता कशाला?” मॅडम म्हणाल्या. “फोन दुरुस्त झाला ना? मी तो कागद फाडते. सोमवारी नेहमीसारखं या म्हणावं.”

“फोनचं झालं,” अडिवेप्पाचे हात म्हणाले. “माझं राहिलं. ती मुलगी माझ्यामुळे अठरा दिवस बाहेर बसली. मी अठरा दिवस बाहेर बसणार.”

“रजा टाकतायत का?”

“रजा नको म्हणतोय. बाहेर बसूनच काम द्या म्हणतो.”

मॅडम माझ्याकडे पाहत राहिल्या. “याला काय म्हणावं, फकीरप्पा?”

मी व्हरांड्यात परतलो आणि दाबयंत्राजवळची फळी पुसून ठेवली.

सोमवारपासून अडिवेप्पा माझ्या व्हरांड्यात, सहनाच्या फळीपाशी बसू लागला. मी त्याला टाके घालायला शिकविले. मधल्या सुट्ट्या त्याने हिशेबात धरल्या नाहीत. दुपारी कस्तूरीचा फोन येई. तिचे हात पडद्याच्या या कडेपासून त्या कडेपर्यंत मोकळे फिरत, आणि त्याने त्यांच्याशी काय काय बोलावे! घडले ते सगळे त्याने पहिल्याच दिवशी लेकीला सांगितले. एक खूणही गाळली नाही. ती त्या टोकाला ओंजळीत तोंड धरून बसली होती. सुईदोरा हातात तसाच धरून मी ते दोन मूक जीव पाहत असे, आणि आपण जागे आहोत की कुणाच्या तरी निवांत स्वप्नात बसलो आहोत हे मला सांगता आले नसते. आत वाचनकक्षात स्टूल रिकामे होते. तेथे कुणी कुणाला दटावीत नव्हते, आणि पान उलटल्याखेरीज कसलाही आवाज येत नव्हता.

अठराव्या दिवशी संध्याकाळी साडेसहाला गिरिजाक्षी मॅडम व्हरांड्यात आल्या. त्यांनी कुणाकडून तरी शिकून घेतलेली खूण अवघडून केली. ‘आत चला.’

अडिवेप्पाने त्यांना हात जोडले. मग भिंतीवरच्या घड्याळाकडे बोट दाखविले. वाचनालय सातला बंद होते. तो पुन्हा फळीपाशी बसला, पाठ ताठ केली आणि हातातल्या पुस्तकाचा पुढचा टाका घालू लागला.

मॅडम क्षणभर उभ्या राहिल्या. मग त्यांनी माझ्या खळीच्या पातेल्याजवळचे स्टूल ओढले, पदर सावरला आणि त्याही बसल्या.