पत्रातलं शिवणकाम

हाँगकाँगच्या मंदारिन भाषेतल्या सिनेमात गू स्वेइशिनचं नाव गाजत होतं, तेव्हा मी तिचे पोशाख सांभाळायचे. मी तिला ताई म्हणायचे. एकोणपन्नास साली, एकोणीस वर्षांची असताना, ती मामाबरोबर तीन महिन्यांसाठी म्हणून इकडे आली होती. मागे चीनमधल्या निंगबोत आई एकटी. मग सीमा बंद झाली आणि ताई इथेच अडकली.

घर सोडून निघालेली मुलगी पडद्यावर हवी असली की दिग्दर्शक तिलाच बोलवायचे. रडण्यासाठी तिच्या डोळ्यांत कधी औषध घालावं लागलं नाही. आईला मात्र ती लिहायची, शिवणकाम करते, बरं चाललंय. परदेशातल्या नटीची आई म्हणून म्हातारीला तिकडच्या कम्युनिस्ट राजवटीत त्रास झाला असता. पत्रात घालायला काजं, अस्तर, बाह्या यांची माहिती ती माझ्याकडून घ्यायची. पुढे दहा-बारा वर्षं पत्रंही थांबली. त्या काळात ती पडद्यावर नायिकेची आई होऊ लागली, आणि एक दिवस तेही तिने सोडलं.

एकोणऐंशी साली निंगबोला जायचा सात दिवसांचा परवाना मिळाला. सोबतीला मी गेले. म्हातारीची नजर पार गेली होती. तिने ताईचा हात मांडीवर घेतला आणि एकेक बोट चाचपत राहिली.

"ही शिवणारीची बोटं नाहीत, पोरी," ती म्हणाली. "खरं सांग, काय करत होतीस?"

ताईने खाली मान घालून सांगितलं. आता ही चिडणार, असं मला वाटलं. पण म्हातारी म्हणाली, "मग मला ऐकव की."

त्या दुपारी ताईने अंगणात तिचा सगळ्यात गाजलेला चित्रपट अख्खा करून दाखवला. सगळ्यांचे संवाद तीच बोलत होती. घर सोडण्याचा प्रसंग आला. ती दाराशी जाऊन उभी राहिली.

"आई, मी निघते."

चित्रपटातली आई इथे तोंड फिरवते, काही बोलत नाही. म्हातारी म्हणाली, "दोन घास खाऊन तरी जा."

ताईला पुढचं वाक्य सुचेना. तीस वर्षांपूर्वी बोट सुटायच्या घाईत ती उपाशीच निघाली होती, हे तिने मला नंतर सांगितलं. त्या संध्याकाळी म्हातारीने निव्वळ हाताच्या अंदाजाने तिळाचं सारण भरून तांदळाच्या पिठाचे गोळे वळले. ताईने वाटीभर खाल्ले, मग आणखी मागून घेतले.

पुढचा परवाना मिळायला दोन वर्षं लागली. तोवर म्हातारी गेली होती. तरी ताई एकटीच जाऊन आली. शेजाऱ्यांनी घराचं कुलूप उघडून देतो म्हटलं, तर ती नको म्हणाली. दिवसभर बाहेर पायरीवर बसून परतली, एवढंच मला ठाऊक आहे.