नवाजचा साउंड

नवाजनं बारा वर्षांत सिनेमासाठी काय काय नाही वाजवलं? दारं वाजवली, चपला वाजवल्या, पावसासाठी कढईत तांदूळ ओतले. नायिकांनी मारलेली प्रत्येक थोबाडीत त्याच्याच हातची. फावल्या वेळात चालीही बांधल्या, पण संगीतकार म्हणून पडद्यावर नाव मात्र एकदाही नाही.

या वेळी दिग्दर्शक आकाशसरांनी आशा दाखवली. खंडाळ्याच्या बंगल्यात काचा बंद करून, एसी लावून ते ग्रामीण चित्रपट घडवत होते. म्हणाले, "मला मावळातली अस्सल शांतता हवीय. उद्या संध्याकाळपर्यंत रेकॉर्ड करून आण, मग तुझी चाल ऐकतो. नाहीतर मुंबईचा माणूस तयारच आहे."

नवाजनं लोहगडवाडीच्या नथूआबांना फोन लावला. आबा त्याच्या वडिलांचं, फकरुद्दीन टेलरांचं जुनं गिऱ्हाईक.

"आबा, उद्या तुमच्याकडे साउंड करायला येतोय."

"ये की! लय उपकार झालं बग."

शांततेची एवढी कदर असलेला माणूस अजून शिल्लक आहे, या विचारानं नवाजला भरून आलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी पोचतो तर अंगणात मांडव, दीडशे माणसं आणि मधोमध हळदीनं पिवळी झालेली आबांची नात समीक्षा. नवाजनं पिशवीतून वीतभर माइक काढला. सगळं अंगण गप्प झालं. हवी होती ती अस्सल शांतता हीच, पण रेकॉर्डर चालू करायचा राहिला होता.

"बॉक्स कुटंयत?" आबांनी विचारलं.

तेव्हा नवाजच्या डोक्यात प्रकाश पडला. वाडीत साउंड म्हणजे एकच, वरातीत छाती हादरवणारे ते स्पीकर.

"तुज्या भरवशावर कामशेतच्या साउंडवाल्याला न्हाई म्हणलं की रं!" आबांचा चेहरा उतरला. नवऱ्याकडची मंडळी टकामका बघत होती.

आत्ता पठारावर जाऊन तासभर शांतता पकडली असती, तर सिनेमा हातात होता. नवाजनं समीक्षाकडे पाहिलं आणि स्वतःलाच एक शिवी हासडली. गाडीत दुरुस्तीहून आणलेले दोन मोठे स्पीकर होते, ते त्यानं उतरवले. मोबाइलला रेंज नाही, म्हणजे गाणी लॅपटॉपमधलीच. पहिली फाइल चुकली आणि दाराची करकर घुमली. आबांच्या बायकोनं, अंबूबाईनं, "कोन आलं गं?" म्हणून दाराकडे पाहिलं. दुसरी फाइल त्याच्या चालीची. ती आजवर कुणीच ऐकली नव्हती.

आधी पोरी उठल्या, मग मावश्या, मग नवऱ्याकडचेही. संध्याकाळ उलटली. सिनेमा गेला, त्याचं नवाजला वाईट वाटलंच, लय वाटलं. पण समोर दीडशे माणसं त्याच्या चालीवर नाचत होती, आणि त्याला आनंदानं रडू फुटत होतं.

घामाघूम झालेले आबा जवळ आले.

"कुटल्या पिक्चरचं रं हे?"

"कुठल्याच नाही, आबा."

"तरीच," आबा म्हणाले. "तरीच बरं हाय. लाव परत."