वासरघळीचा निरोप

इग्नात्स गुडघ्यावर बसून कासियानच्या बुटाच्या तळव्यात रुतलेला बर्फ स्क्रू-ड्रायव्हरने खरवडत होता. बुटाखाली कणभर जरी बर्फ राहिला तरी स्की नीट बसत नाही, आणि ताशी सव्वाशेच्या वेगात तसली स्की माणसाला कुठे नेऊन आपटेल याचा नेम नसतो. इग्नात्सचे स्वतःचे गुडघे छप्पन वर्षांचे होते. ते कुरकुरले; त्याने नेहमीप्रमाणे तिकडे काणाडोळा केला.

"म्हाताऱ्या, पॉलिशही करून देणार आहेस का?" कासियान वरून म्हणाला.

"हालू नकोस. नाल ठोकून घेताना घोडासुद्धा तुझ्यापेक्षा शांत उभा राहतो."

मोसमातली ही शेवटची उतारशर्यत होती. नोव्हेंबरपासून दहा डोंगर पालथे घालून झाले होते आणि त्यातल्या आठांवर या एकाच संघातली दोन माणसं जिंकली होती: चार वेळा चोवीस वर्षांचा कासियान प्लांक, चार वेळा पस्तिशीतला उर्बान श्टेगर. दोघांत आता दोन गुणांचं अंतर उरलं होतं. आज दोघांतला जो पुढे राहील, मोसमाच्या विजेत्याला मिळणारा स्फटिकगोल त्याचा. उर्बानचा हा अखेरचा मोसम. दोन्ही गुडघ्यांत स्क्रू घेऊन तो उतरायचा आणि धडधाकट पोरांना मागे टाकायचा. इग्नात्स कासियानचा माणूस, त्याच्या स्कींना मेण लावणारा, कडा घासणारा. पण जानेवारीत एका पायावर कलंडलेला उर्बान पुन्हा सावरून जिंकला, तेव्हा इग्नात्सनेही हात दुखेपर्यंत टाळ्या वाजवल्या होत्या. अशा माणसाला मानायचं नाही तर कोणाला?

एकेकाने घड्याळाविरुद्ध उतरायच्या या शर्यतीत उर्बान आज सातवा सुटला होता. कासियानचा नंबर अकरावा. या संघात एक जुनी रीत होती. जो खाली पोचला त्याने धाप ओसरायच्या आधी प्रशिक्षकाची वॉकीटॉकी घ्यायची आणि वर थांबलेल्यांना उताराचं खरं खरं सांगायचं. आपल्याला हरवू शकेल अशा माणसालाही. हा नियम कुठे लिहिलेला नव्हता, आणि म्हणूनच कोणी तो मोडत नसे.

लाउडस्पीकरने उर्बान आतापर्यंत पहिला असल्याचं सांगितलं आणि पाठोपाठ इग्नात्सच्या कानातल्या यंत्रात त्याचा दमलेला आवाज आला. कासियान तेव्हा चार हात पलीकडे पाय झुलवत, डोळे मिटून, हातांनी हवेत वळणं घेत होता.

"वरचा भाग घट्ट आहे," उर्बान म्हणाला. "वासरघळीत वेग कमी करू नको म्हणावं. डावीकडची निळी रेघ धरून सरळ सोडायचं. मऊ दिसतं, पण धरतं. मी वेग कमी केला, तिथंच वेळ गेला. सांग त्याला. ऐकलंस ना?"

"ऐकलं," इग्नात्स म्हणाला.

वासरघळ म्हणजे उताराच्या शेवटची खोलगट वाट. उन्हाळ्यात वासरं तिथूनच कुरणावर चढतात. मार्चच्या उन्हात तिथली डावी बाजू सकाळी दहालाच पाझरू लागते. कालच्या सरावात दुसऱ्या संघांतले दोन खेळाडू तिथूनच कडेच्या सुरक्षाजाळीत गेले होते आणि त्यातल्या एकाला हेलिकॉप्टरने उचलावं लागलं होतं.

नऊ वर्षांपूर्वी इग्नात्स ग्रेगोर नावाच्या पोराच्या स्की सांभाळायचा, दुसऱ्या संघात. तेव्हाही खालून निरोप आला होता, बिनधास्त सोड म्हणून. ग्रेगोर जाळी फाडून पलीकडे गेला. सांगणारा मुद्दाम तसं बोलला की त्याचाच अंदाज चुकला, ते शेवटपर्यंत कळलं नाही. ग्रेगोर आता रोपवेची तिकिटं फाडतो आणि जिना चढताना कठडा धरतो.

उर्बान तसा नाही, हे इग्नात्सला ठाऊक होतं. पण ग्रेगोरच्या वेळीही त्याला बरंच काही ठाऊक होतं.

"काय म्हणाला उर्बान?" काठ्यांचे पट्टे मनगटात अडकवत कासियानने विचारलं.

इग्नात्सने वाकून त्याच्या स्कीवरचा नसलेला बर्फ हाताने झाडला. "वरचा भाग घट्ट आहे म्हणाला. घळीत जपून. आपलं ठरलंय तसंच."

"एवढंच?"

"एवढंच. जा."

शर्यत सुटते तिथल्या झोपडीतल्या छोट्या पडद्यावर इग्नात्सने त्याला पाहिलं आणि त्याचा ऊर भरून आला. इतकं सुरेख उतरताना त्याने आजवर कोणालाच पाहिलं नव्हतं. पोरगं डोंगराशी भांडत नव्हतं, डोंगर जसा वळेल तसं वळत होतं. तिसऱ्या टप्प्यावर तो उर्बानच्या तीन दशांश सेकंद पुढे होता. मग वासरघळ आली. कासियान जपून उजवीकडे गेला, स्की आडव्या झाल्या, बर्फाचा फवारा उडाला. शेवटच्या रेषेवर आकडा लाल झाला. सहा शतांश सेकंद मागे.

त्याच्यानंतरच्या कोणाला दोघांच्या जवळपासही फिरकता आलं नाही. कासियानचं जाकीट काखेत मारून इग्नात्स खाली आला, तेव्हा दोराच्या आत दोघे शेजारी शेजारी उभे होते आणि एक पत्रकार बाई वही घेऊन समोर. उर्बानच्या चेहऱ्यावर जिंकल्याचा आनंद होता, पण काहीतरी खुपतही होतं.

"घळीत वेग का कमी केलास?" तो कासियानला म्हणाला. "मी वर सांगितलं होतं ना, डावीकडून सरळ सोड म्हणून. तू माझ्या किती पुढे होतास, बघितलंस का?"

कासियानने मान वर केली. त्याला आधी काही उमगलं नाही. मग त्याची नजर दोराबाहेर उभ्या इग्नात्सवर गेली, त्याच्या कानातल्या यंत्रावर गेली आणि तिथे जरा थांबली. निरोप बदलणाऱ्या माणसाला या धंद्यात पुन्हा कोणी स्कीला हात लावू देत नाही, हे तिघांनाही माहीत होतं.

"मिळाला होता निरोप," कासियान म्हणाला. "छाती झाली नाही."

बाईंचं पेन थबकलं आणि मग भरभर चालू लागलं. हे खेळाडू हरल्यावर मेणाला बोल लावतील, उजेडाला लावतील, पाठीत उसण भरली म्हणतील. छाती झाली नाही, असं त्यातलं कोणी बोलत नाही. उद्या हे साऱ्या खोऱ्यात छापून येणार होतं आणि पोरगं खेळत राहील तोवर त्याला चिकटणार होतं. उर्बान त्याच्याकडे बघत राहिला. त्याने कासियानच्या खांद्यावर हात ठेवला आणि तो बाजूला झाला.

कासियान दोराखालून बाहेर आला आणि त्याने इग्नात्सच्या हातातून जाकीट घेतलं. इग्नात्सने बोलायला तोंड उघडलं.

"गप," कासियान हळूच म्हणाला. "दोन्ही पायांवर उभा आहे ना मी? झालं तर. चल, भूक लागलीय."

एरवी खाली आल्याबरोबर तो स्की इग्नात्सच्या हातात द्यायचा. आज त्याने त्या स्वतःच खांद्यावर टाकल्या आणि गर्दीतून वाट काढत निघाला. कोणीतरी त्याला काहीतरी टोमणा मारला. तो हसला आणि चालत राहिला. इग्नात्स त्याच्या मागे चार पावलं गेला. पंचवीस-सव्वीस मोसमांत त्याला चांगले चांगले खेळाडू सांभाळायला मिळाले होते. एवढ्या मोठ्या मनाचा एकही नव्हता.

तो थांबला. पाठीमागे बाई सामान आवरत होत्या आणि उर्बान त्यांच्याशी काहीतरी बोलत होता. इग्नात्सने कानातलं यंत्र काढून खिशात टाकलं, मागे वळून वाकला आणि दोराखालून आत गेला.

"बाई," तो म्हणाला, "वही इतक्यात मिटू नका."