निशाची ओटी

"मॅडम, आधी आमचं बघा," म्हणत किशोरीने दार सताड उघडलं. खारघरच्या कॉलेजातली मुलं चपला काढून आत शिरली. या घरांचा आराखडा आभा मॅडमचा. रहिवाशांनी आपापल्या रिकाम्या भागाचं काय केलं, ते त्या मुलांना दाखवायला आल्या होत्या.

नवीन पनवेलच्या कडेला लॉटरीत लागलेली ही घरं होतीच तशी. एक भाग बांधलेला, शेजारच्या भागावर नुसतं छप्पर आणि खाली फरशी. तो ज्याने त्याने सवडीने बांधायचा. किशोरीने सवड पाहिली नाही. शेजारच्या निशाच्या दारात विटा पडण्याआधीच तिने भिंती चढवल्या, पीओपी केलं, सोफा आणला. मग ती निशाच्या विटांची वाट बघत बसली. त्या आल्याच नाहीत. निशाने एक बाकडं टाकलं, कपड्यांची दोरी बांधली आणि तिथेच थांबली.

दळभद्री, असा किशोरीने निकाल दिला. पण त्या दळभद्रीकडे रोज संध्याकाळी आळीतल्या बायका भाजी निवडायला जमू लागल्या, आणि त्यांत पहिला नंबर किशोरीच्या सासूचा. गव्हाण गावी घराच्या ओटीवर जन्म काढलेल्या सोनाबाईंना सोफ्यावर अवघडल्यासारखं होई. सुकट वाळवावी, तर सून पडद्यांना वास लागतो म्हणे. "निशाला सासूसुद्धा आयतीच मिळाली," असं किशोरी नवऱ्याला ऐकवी. "मग बोलव ना आईला परत," कुंदन म्हणे. तेवढं तिच्याच्याने होत नसे.

मॅडमनी हॉल पाहिला, छान म्हणाल्या आणि बाहेर पडल्या. चहाचा ट्रे घेऊन किशोरी मागोमाग गेली, तर निशाकडे मुलं मांड्या घालून बसलीसुद्धा होती. कॅमेरा बाहेर निघाला होता. किशोरीच्या हॉलमध्ये तो पिशवीतच राहिला होता.

"आजी, बरं वाटतं इथं?" मॅडमनी विचारलं.

"वारा हाय, मानसां हान. आजून काय पायजे?"

"तुमचंच घर का हे?"

निशा ओशाळून काही बोलणार, तोच सुकट पाखडता पाखडता सोनाबाई म्हणाल्या, "माजे लेकीचा."

मग त्यांचं सुनेकडे लक्ष गेलं. "ये गो, तू पन बस." सरकून त्यांनी जागाही केली.

"गॅस चालू आहे," ट्रे निशाच्या हातात देत किशोरी म्हणाली. गॅस केव्हाच बंद केलेला होता.

हॉलमध्ये येऊन तिने खिडकीची दुधी काच सरकवली. ती काच निशाच्या बाजूच्या दुसऱ्या काचेमागे जाऊन बसली. पलीकडचं हसणं आत आलं, पण माणसं दिसेनात. तिने दोन्ही काचा दुसऱ्या बाजूला ढकलल्या. आता माणसं दिसत होती. सासूच्या शेजारची जागा अजून रिकामीच होती, आणि आता निशा ट्रे घेऊन तिथे बसत होती.