मामंजींची मान

पुष्करला घरी मीच बोलावलं, ही चूक माझीच. ते मी कधीच नाकारलं नाही. बाकीचं कबूल करायला मात्र मला वेळ लागला.

मी कराडची. सासर तंजावरच्या मराठ्यांचं, घर चेन्नईत. नवरा जहाजावर असतो, म्हणून घरात सासूबाई, सासरे बालाजीराव, म्हणजे माझे मामंजी, आणि मी. पुष्कर शोळिंगनल्लूरच्या आमच्या ऑफिसातला, पुण्याहून नुकताच आलेला. नवरात्रात आमच्याकडे कोलू मांडतात, म्हणजे नऊ पायऱ्यांवर मातीच्या बाहुल्या. बघायला येईल त्याने पुढ्यात बसून एक गाणं म्हणायचं आणि सुंडल, म्हणजे हरभऱ्याची उसळ, खाऊन घरी जायचं, अशी रीत.

त्या वर्षी शहरात हसू सुटलं होतं. एन्नोरकडून कोमट वारा यायचा, घशात गुदगुल्या व्हायच्या, आणि त्या घटकेला ज्याला जे म्हणून लोक हसले, ते तो होऊन बसायचा. जॉर्ज टाउनमधल्या एका व्यापाऱ्याला गिऱ्हाइकं 'मिरचीचं पोतं' म्हणून हसली, तो अजून दुकानाच्या दारात तोंड शिवून पडलाय. आमच्या ऑफिसच्या लिफ्टला कुणीतरी गोगलगाय म्हणालं. आता ती भिंतीला चिकटा सोडत वर जाते आणि आम्ही जिने चढतो. उतारा एकच होता: जो पहिला हसला, त्याच्या डोळ्यांतून पश्चात्तापाचा एक खरा थेंब पडायला हवा. तो पडला की माणूस परत.

दुसऱ्या माळेला पुष्कर आला. गाणं म्हण म्हटल्यावर त्याचे कान लाल झाले. मामंजी म्हणाले, "असूं दे रे, तुझ्या वाटचं मी म्हणतों." आणि डोळे मिटून म्हणाले. ऐंशीचा माणूस, आवाज कापरा, पण ताल पक्का, आणि तालाबरोबर मान डुलायची. नेमका तेव्हाच वारा आला.

"काका," पुष्कर म्हणाला, "ह्या तंजावरच्या बाहुलीची आणि तुमची मान सेम हलते की! पायरीवर बसवलं तर ओळखू येणार नाही."

खोलीत हशा पिकला. मीही हसले, खोटं कशाला बोलू? हसू ओसरलं तेव्हा चटईवर मामंजी नव्हते. वीतभर मातीचा म्हातारा होता, मान डोलावणारा.

सासूबाईंनी त्यांना पदराने पुसलं, उचलून पायरीवर ठेवलं. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. अहो, लग्न होऊन आले तेव्हा मला धड पाणी मागता येत नव्हतं. बाजारात बरोबर येऊन, एकेक भाजी हातात देऊन तमिळ शिकवली ती ह्या माणसाने. मी चिडले की सगळं घर लांब पळायचं, मामंजी मात्र शेजारी येऊन बसायचे.

"रड," मी पुष्करला म्हटलं. "आत्ताच्या आत्ता रड!"

मेला रोज संध्याकाळी यायचा. कोलूपुढे हात जोडून बसायचा. चौथ्या माळेला रडला, अगदी भळाभळा, हुंदके देऊन. मामंजी जिथल्या तिथे. सहाव्या माळेला पुन्हा रडला, पायरीवर डोकं टेकून. तरी काही नाही. मी म्हटलं, मगरीचे अश्रू हे! खरा असता तर एका थेंबात काम झालं असतं. त्याचं ते लाल नाक बघून मला आणखीच चीड यायची. रडायला मला सवड नव्हती. मी काट्याने काटा काढायचं ठरवलं होतं.

नवव्या माळेला खिडकीतून कोमट झुळूक आली. शेजारची वाणी तिच्या मैत्रिणींना घेऊन बसली होती. पुष्कर नेहमीसारखा हात जोडून होता. सगळ्यांना कळावं म्हणून मी तमिळमध्ये म्हणाले, "ह्याला ओळखता ना? आमच्या ऑफिसचे देवेशसाहेब म्हणाले रविवारी या, की ह्याची मान हलली. म्हणाले रात्रभर बसा, की हलली. आमच्याकडे असल्याला नंदीबैल म्हणतात. गुबुगुबु, गुबुगुबु!" आणि मान हलवून दाखवली.

पुष्करने माझ्याकडे पाहिलं. नंदीबैल एवढं त्याला कळलं होतं, पण मी तोवर हसले होते. बायका खो खो हसल्या. पुढच्या क्षणी तिथे झूल घातलेला मातीचा बैल होता. मी तो उचलून मामंजींच्या खालच्या पायरीवर आपटलाच जवळजवळ.

"बस आता तिथंच. जशास तसं!"

खरं सांगते, इतकं गार मला कधी वाटलं नव्हतं.

बायका घाबरून पळाल्यावर सासूबाई म्हणाल्या, "अगे रेवा, तो पोरगा हसलाच नव्हता."

"म्हणजे?"

"त्या दिवशीं बोलला तो. हसलीस तूं. तूं हसलीस म्हणून बाकीचे हसले. मी तोंडांत पदर धरून बघत होतें."

"मग इतके दिवस गप्प का बसलात, आई?"

"काय सांगायचं? घरचं माणूस गेलंय, सून आज नाहीं उद्यां रडेलच, म्हटलं. तूं रागावतच बसलीस."

दसरा झाला. बाहुल्या कापडात गुंडाळून पेटीत गेल्या. दोन तेवढ्या अजून आपापल्या पायरीवर आहेत. सकाळ-संध्याकाळ मी त्यांच्यापुढे बसते. पुण्याहून पुष्करच्या आईचा फोन येतो, "रेवाताई, हा फोन का उचलत नाही हो?" मी सांगते, कामात आहे. दोघांसाठी रडायचंय मलाच, कारण दोन्ही वेळा पहिली मीच हसले. मामंजींकडे बघते तेव्हा डोळे चुरचुरतात, आता येणार असं वाटतं. तेवढ्यात खालच्या पायरीवर बैलाची मान हलते, आणि माझ्या पोटातून हसू फुटतं. बरी खोड मोडली मेल्याची, असं अजून वाटतं हो मला. काय करू? सासूबाई दारात उभ्या राहून माझ्या डोळ्यांकडे बघतात आणि आत जातात.