खुबूस आणायला गेलेला माणूस

"चाचा, हे जरा थांबवा ना."

रिकाम्या हॉलमधून सुचित्राचा आवाज वर आला तसं इद्रीसनं बटण दाबलं. पडद्यावरची बाई हातात पाव धरून तशीच उभी राहिली.

शंभर वर्षांपूर्वीचा मूकपट. युद्ध पुकारलं त्या दिवशीचं एक गाव. बायका धुणी वाळत घालताहेत, न्हावी कुणाची दाढी करतोय, आणि मग एकाएकी सगळे घोडागाड्यांत सामान भरू लागतात. ही बाई पाव आणायला जाते. परतते तर अंगणात कुणीच नाही.

आखातातल्या या शहरात, मिरकाब भागातल्या या हॉलमध्ये इद्रीस प्रोजेक्टर चालवायचा. संध्याकाळच्या खेळासाठी कालच त्यानं हा चित्रपट एकट्यानं तपासून पाहिला, आणि संपताच सुचित्राला फोन केला. ती इथं नर्स होती. त्याच्या गावच्या तुळशीदासची मुलगी.

"बाबांचंही असंच झालं ना?" ती म्हणाली. "तेही पावच, खुबूस आणायला गेले आणि बस थांबलीच नाही."

पस्तीस वर्षं गावात सगळे हेच सांगत आले होते, कारण इद्रीसनंच ते सांगितलं होतं. नव्वदच्या ऑगस्टमध्ये इराकी सैन्य घुसलं, तेव्हा याच शहरात शुवैखला गॅरेजमागच्या खोलीत इद्रीस आणि तुळशीदास राहायचे. पळून जाणाऱ्यांची बस इद्रीसला घेऊन गेली; तुळशीदास मागाहून एकटाच निघाला आणि जॉर्डनच्या सीमेवरच्या छावणीत तापानं गेला. सुचित्रा तेव्हा रांगत होती.

इद्रीस खाली आला. तिच्या पुढच्या रांगेत बसला, म्हणजे तिच्याकडे बघावं लागणार नव्हतं.

"बस थांबली होती गो," तो म्हणाला. "ड्रायव्हरनं विचारलं, अजून कोण हाय काय? असेल तर पाच मिनिटं थांबतो. मी बोललो, कोण नाय."

"का?"

"भ्यालो. तेवढ्यात सैनिक आले तर, म्हणून."

"मग आले?"

"नाय."



"आई अजून त्या ड्रायव्हरला शिव्याशाप देते," ती म्हणाली. तिनं गावी आईला फोन लावला आणि त्याच्या खांद्यावरून पुढे धरला. "मी नाही सांगणार तिला. तुम्ही सांगा."

इद्रीसनं फोन कानाला लावला.

"हॅलो? सुचित्रा, चाय झाली काय गो?"

"मी इद्रीस, वहिनी."

"इद्रीस?" गंगूबाईचा आवाज एकदम उजळला. "अरे, बरा हायस ना तू?"

इद्रीस नकळत उभा राहिला.

"वहिनी," तो म्हणाला, "त्या ड्रायव्हरचा काय दोष नव्हता."